चौथ्या प्रकारची आई

सर्व संबंधितांस, आणि ज्यांचा काडीचाही संबंध नाही अशांस तर मुद्दाम, कळवण्यात येते की जगात आयांचे प्रकार फक्त तीन आहेत. रडणारी, शाप देणारी आणि बेशुद्ध पडणारी. या विषयावर यापुढे कोणीही शंका काढू नये. काढल्यास त्याला त्या दिवशी जेवण मिळणार नाही.

हा जाहीरनामा माझा नाही. आमच्या घरमालकिणीचा आहे. एका हातात झारा आणि दुसऱ्या हातात तळलेलं केळं घेऊन स्वयंपाकघराच्या मधोमध उभ्या राहून त्यांनी तो केला, तेव्हा मी चोविशीत होतो आणि शंका काढणं हाच आपला पीएच.डी.चा विषय आहे अशी माझी समजूत होती.

"पण चौथा प्रकारही असेल की," मी म्हटलं. "'बरं बाळा, तुझ्या मनासारखं कर' म्हणणारी आई?"

"असते ना," त्या म्हणाल्या. "पण तिला बघायला तिकीट कोण काढणार?"

आणि त्यांनी तळलेलं केळं स्वतःच खाऊन टाकलं.

आम्ही त्यांना इबू म्हणायचो. त्यांच्या देशात, म्हणजे इंडोनेशियात, कोणत्याही वडीलधाऱ्या बाईला इबू म्हणतात. इबू म्हणजे आई. आपण कसं बसमध्ये अनोळखी बाईला मावशी म्हणतो, तसंच. ऐंशीच्या दशकात शिकागोच्या दक्षिणेला, मक्याच्या शेतांमध्ये वसलेल्या एका विद्यापीठाच्या गावात त्यांचं दुमजली लाकडी घर होतं. वरच्या दोन खोल्यांत मी आणि शरद. शरद कराडचा, सिव्हिलवाला, सहा फूट उंच आणि स्वभावाने गाय. खोली बघायला आलो तेव्हा तो जिन्यातच थबकला आणि म्हणाला, "अरे, मसालेभात!" मसालेभात नव्हता. इबू मागच्या पायरीवर बसून लवंग घातलेली सिगरेट ओढत होत्या. पण घर सोडून दोन महिने झालेल्या दोन मराठी पोरांना तेवढा वास पुरला. आम्ही खोल्या न बघताच हो म्हटलं.

तरुणपणी इबू जावामधल्या एका फिरत्या नाटकमंडळीत होत्या. आज या गावाच्या माळावर तंबू, पंधरवड्याने पुढच्या गावाला. त्या मंडळींकडे लिहिलेलं नाटक असं नसायचंच. रंग लावता लावता मालक पडद्यामागे येऊन सांगायचा, "आज तू राणी. मुलगा लहानपणी हरवलाय. शेवटी खांद्यावरच्या डागावरून ओळखायचं. चला." की उभे राहा. संवाद ज्याचे त्याने पोटातून काढायचे. प्रवेश सुरू करायला आणि संपवायला एक माणूस पोकळ लाकडी ठोकळ्यावर हातोडी मारायचा. आपल्याकडे तिसरी घंटा, तसा त्यांच्याकडे तो ठोकळा. इबूंनी देश सोडताना दागिने आणले नाहीत, पण तो ठोकळा आणला. तो फ्रीजवर असायचा. जेवण तयार झालं की टक. माझा आणि शरदचा भांड्यांवरून वाद झाला की टक, म्हणजे प्रवेश संपला, आता दोघांनी विंगेत जायचं. एकदा विमा विकायला एक गृहस्थ आले, ते बोलायचे थांबेनात, तेव्हा इबूंनी शांतपणे टक केलं. तो बिचारा खरंच उठून गेला.

त्यांच्या तंबूत आणखी एक रीत होती. प्रेक्षकांना नटाला काही सांगायचं असलं, अमुक गाणं म्हण, तमुक राजाला आणखी दोन ठेव, तर ते चिठ्ठी सिगरेटच्या पाकिटात घालून रंगमंचावर फेकायचे. म्हणून आमच्याही तक्रारी तोंडी चालत नसत. रिकाम्या पाकिटात चिठ्ठी घालून स्वयंपाकघराच्या दारातून फेकायची. न्हाणीघरात गरम पाणी येत नाही, असं लिहून मी पहिलं पाकीट फेकलं ते नेमकं सुपाच्या पातेल्यात पडलं. इबू ढवळायच्या थांबल्या नाहीत. म्हणाल्या, "प्रेक्षकांचा नेम तेव्हाही असाच होता."

मंडळीत त्या कायम आई. एकोणिसाव्या वर्षापासून आई. नायिकेचं काम मालकाच्या मुलीला ठरलेलं, आणि इबूंचा आवाज असा खोल, विहिरीतून आल्यासारखा, की त्या आवाजात 'प्रिया' म्हटलं तर प्रियकर घाबरून पळाला असता. केसांना पांढरी पूड लावायची, पाठीत वाकायचं आणि रडायचं. "मला मुलं झाली नाहीत," त्या एकदा कांदा चिरताना म्हणाल्या, "पण तंबूत रोज एक हरवलेलं सापडायचं." कांदा त्या नेहमी रेडिओ-नाटक ऐकताना चिरायच्या. तिकडच्या रेडिओवर चालणारी नाटकं त्यांची बहीण कॅसेटवर भरून पाठवायची. शनिवारी दुपारी टेपरेकॉर्डर ओट्यावर, कांदे समोर, आणि आम्ही दोघं खुर्च्यांवर. दर दोन मिनिटांनी टेप थांबवून इबू आम्हाला इंग्रजीत गोष्ट सांगणार, सगळ्यांचे आवाज काढून. अश्रू येणारच आहेत तर ते नुसते का वाया घालवायचे, म्हणून कांदे.

त्या कॅसेटींमधून इंडोनेशियाबद्दल मला एवढंच कळलं की तिथे पोरगं प्रेमात पडलं की आईला खोकला सुरू होतो. पोरगी जितकी चांगली, तितका खोकला मोठा. मग पोरगं दूरदेशी जातं, श्रीमंत होतं, आईला विसरतं, आणि शेवटी परत येऊन तिच्या गुडघ्यावर डोकं ठेवतं. न ठेवेल तर शाप. आईच्या शापाने दगड झालेल्या मुलाची गोष्ट तिथे शेंबड्या पोरालाही ठाऊक असते म्हणे. मी म्हटलं, "इबू, आम्हीही दूरदेशीच आलोय." त्या म्हणाल्या, "म्हणून तर तुम्हाला ऐकवते."

त्यांचं स्वतःचं प्रेम मात्र विनाखोकला पार पडलं. भातावरच्या रोगांचा अभ्यास करायला आलेला एक अमेरिकन रोज संध्याकाळी तंबूत पहिल्या रांगेत बसायचा. भाषेचं अक्षर कळायचं नाही, तरी रडायचा. शेवटच्या खेळानंतर तो पडद्यामागे आला आणि त्या वृद्ध माउलीपुढे कमरेत वाकला. "मग मी तोंड धुतलं," इबू सांगायच्या, "आणि त्याने पुन्हा वाकून पाहिलं. आधी मी त्याची आई झाले, मग बायको. उलट क्रमाने झालं असतं तर भांडणं झाली असती." आम्ही राहायला गेलो त्याआधीच ते गृहस्थ वारले होते. फ्रीजवर ठोकळ्याशेजारी त्यांचा फोटो होता, भाताच्या लोंब्या धरलेला.

अशा घरात शरद प्रेमात पडला.

ॲनी केरळची. गावातल्या हॉस्पिटलमध्ये नर्स, शरदपेक्षा दोन वर्षांनी मोठी, ख्रिश्चन. आमच्याकडे आली की पहिल्यांदा फ्रीज उघडून शिळं काय काय आहे ते टाकून द्यायची. शरदला फ्लू झाला तेव्हा तिने त्याला आणि मला, मला काही झालेलं नसताना, आठवडाभर कांजी पाजली. इबूंचं आणि तिचं चटकन जमलं. दोघी मागच्या पायरीवर बसून माशांच्या कालवणावरून वाद घालायच्या. उन्हाळा संपेपर्यंत ठरलं, लग्न करायचं. राहिलं होतं फक्त कराडला सांगणं.

शरदची आई प्राथमिक शाळेत मुख्याध्यापिका. घरात फोन नव्हता. महिन्याच्या पहिल्या रविवारी सकाळी त्या शेजारच्या डॉक्टरांकडे जाऊन बसायच्या, आणि आमच्याकडच्या शनिवारी संध्याकाळी शरद फोन लावायचा. त्या शनिवारी दुपारपासून तो डब्यातलं लोणचं नुसतंच खात बसला होता.

"कसं सांगू यार," तो मला म्हणाला. "मी तोंड उघडीन आणि हवामान सांगून फोन ठेवीन."

इबूंनी ऐकलं. मराठी कळायचं नाही, पण नुसतं लोणचं खाणारा माणूस कोणत्याही भाषेत कळतो. "तालीम करू," त्या म्हणाल्या. "मी तुझी आई होते. तू मला सांग. एकदा सांगितलंस की दुसऱ्यांदा जड जात नाही."

"पण इबू, तुमच्याकडे तालीम नसायची ना?" मी खोचकपणे विचारलं.

"आमच्याकडे नायक शरदसारखा नसायचा."

मला डॉक्टरांचं काम मिळालं. रिसीव्हर धरून "हॅलो हॅलो, आवाज येतोय का" एवढंच होतं, पण मी त्यात जीव ओतला. इबू आरामखुर्चीत बसल्या. डोक्यावर पदर म्हणून टॉवेल घेतला. मग मालक चार वाक्यांत भूमिका सांगायचा ते आठवून त्यांनी विचारलं, "चार वाक्यांत सांग, तुझी आई कशी आहे?"

आणि इथे शरदने ती चूक केली, जी आपल्यातला प्रत्येक मुलगा डोळे मिटून करील. आई कशी आहे, ते त्याने सांगितलंच नाही. आईने काय काय सोसलं, ते सांगितलं. बाबा गेले तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. तिने एकटीने वाढवलं. माझ्या तिकिटासाठी हातातल्या पाटल्या विकल्या. बाबांच्या फोटोला रोज हार घालते. झालं. चार वाक्यं संपली. आई हसते कशाला, चिडते कशाला, पोराला काय नावाने हाक मारते, एक अक्षर नाही.

टक. प्रवेश सुरू.

शरद चाचरत इंग्रजीत म्हणाला, "आई, मला एक मुलगी आवडते." मग ॲनीबद्दल सगळं, एका दमात. इबू ऐकत राहिल्या. मी खोकल्याची वाट पाहत होतो. खोकला आला नाही. त्यांनी डोक्यावरचा टॉवेल सारखा केला. मग अगदी हळू, विहिरीच्या तळातून म्हणाल्या, "कर बाळा." थांबल्या. "आज हार घालताना बाबांना सांगते मी." आणखी थांबल्या. डाव्या हाताने उजवं मनगट चाचपलं, जिथे पाटल्या नव्हत्या. आणि विचारलं, "जेवलास का आज?"

आणि मग त्या रडल्या. आवाज न करता, टॉवेलच्या टोकाआड.

एवढं चांगलं काम मी पुन्हा पाहिलेलं नाही. सहा फुटांचा शरद खुर्चीपुढे गुडघ्यांवर बसला आणि त्याने इबूंच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं, कॅसेटमधल्या मुलांसारखंच. आणि इंग्रजी विसरून मराठीत म्हणाला, "नाही करत आई. नाही करत."

टक. "छान!" इबू डोळे पुसत उठल्या. "मला वाटलंच होतं याच्यात नट आहे." मी टाळ्या वाजवल्या. शरद तसाच बसून होता. आम्हाला वाटलं, भूमिकेतून बाहेर यायला वेळ लागतो काहींना.

संध्याकाळी ॲनी ड्यूटीवरून परस्पर आली, पांढऱ्या गणवेशात. तिला सासूबाईंना हॅलो म्हणायचं होतं. "नमस्कार आई" हे दोन शब्द तिने माझ्याकडून पाठ करून घेतले होते. ती जिन्याच्या खालच्या पायरीवर बसली. शरदने फोन लावला. बर्फ अजून पडलं नाही, म्हणाला. शाळेचं नवीन छप्पर झालं का, विचारलं. गुडघा कसा आहे, विचारलं. हो, जेवतो वेळेवर. ठेवतो आई.

मराठी येत नसलं तरी आपलं नाव आलं नाही एवढं कुणालाही कळतं. ॲनी उठली, इबूंना "येते" म्हणाली आणि गाडी घेऊन निघून गेली.

पुढच्या आठवड्यात ती इबूंचं पातेलं परत द्यायला आली तेव्हा इबूंनी तिला अडवलं. काय झालं? ॲनी म्हणाली, "त्याच्या आईला मान्य नाही. खूप रडल्या म्हणे."

"कधी?"

"शनिवारी दुपारी. मी यायच्या आधीच सांगितलं होतं म्हणे त्याने."

इबूंच्या हातातलं पातेलं तसंच राहिलं. त्यांना एका क्षणात कळलं, त्या शनिवारी कोण रडलं होतं.

त्यांनी शरदला स्वयंपाकघरात बोलावलं. "अरे, ते नाटक होतं! तुझ्या आईला मी पाहिलेलंही नाही!"

"तुम्ही बरोबर तेच बोललात इबू," शरद मान खाली घालून म्हणाला. "ती हेच बोलली असती. तोंडावर हो म्हणाली असती आणि आत रडली असती. मला ते बघवणार नाही."

"तिला विचार तरी!"

"विचारलं मी. शनिवारी दुपारी."

गरीब गाईसारखी माणसं किती हट्टी असतात, हे मला त्या दिवशी कळलं. इबूंनी मग शेवटचा उपाय काढला. पुन्हा तालीम. पुन्हा आरामखुर्ची, पुन्हा टॉवेल, आणि या वेळी ॲनीला मुद्दाम बोलावून समोर बसवलं. "आता मी चौथी आई करते," त्या म्हणाल्या. "हो म्हणणारी. मनापासून. बघच तू."

टक.

शरद नाइलाजाने म्हणाला, "आई, मला एक मुलगी आवडते."

"वा!" इबू म्हणाल्या. "छान झालं. घेऊन ये तिला. मी..." आणि थांबल्या. आम्ही वाट पाहिली. "मला आनंद..." पुन्हा थांबल्या. त्यांचा चेहरा आपोआप जुन्या वाटेने निघाला. ओठ थरथरले, हात मनगटाकडे गेला, तो त्यांनी दुसऱ्या हाताने धरून ठेवला. तीन वेळा त्यांनी पहिल्यापासून सुरुवात केली आणि तीनही वेळा ते वाक्य रडण्यातच जाऊन पडलं. शेवटी त्यांनी टॉवेल काढून मांडीवर ठेवला.

"हे काम मला कुणी दिलंच नाही कधी," त्या म्हणाल्या. "आमच्यात पोटातून बोलायचं असतं. मी मंडळीत जायला निघाले तेव्हा माझी आई दाराकडे पाठ करून बसली होती. जे ऐकलंच नाही ते पोटात कुठून असणार?"

ॲनीने उठून त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. शरदकडे मात्र तिने पाहिलं नाही. हिवाळ्याआधी तिने ह्यूस्टनला नोकरी धरली. एका सुट्टीला मी आणि शरद शिकागोत डेव्हन ॲव्हेन्यूला, म्हणजे आपल्या लोकांच्या दुकानांच्या रस्त्याला, किराणा आणायला गेलो होतो, तेव्हा त्याने सवयीने मासळीच्या मसाल्याचं पाकीट उचललं आणि पुन्हा जागेवर ठेवलं. एवढंच. तिचं लग्न झाल्याचं कार्ड इबूंच्या पत्त्यावर आलं. ते त्यांनी फ्रीजवर लावलं नाही.

ठोकळा त्या दुसऱ्या तालमीनंतर वाजला नाही. जेवणाला इबू हाक मारू लागल्या, साध्या बायका मारतात तशी. कॅसेटी येत राहिल्या, कांदे मात्र त्या टेप न लावता चिरायच्या. मी गाव सोडलं तेव्हा त्यांनी ठोकळा माझ्या हातात दिला. "तू नट नाहीस," म्हणाल्या, "तुझ्याकडे सुरक्षित राहील." इबू जाऊन आता पुष्कळ वर्षं झाली. ठोकळा माझ्या फ्रीमाँटच्या घरी पुस्तकांच्या कपाटात आहे. नातेवाईक त्याला पेन-स्टँड समजतात.

पण पदवीदानाचं सांगायचं राहिलंच. शरदच्या पदवीदानाला त्याची आई कराडहून आली आणि इबूंच्या घरी राहिली. काकू लहानखुऱ्या, तुरुतुरु चालणाऱ्या. आल्या आल्या त्यांनी इबूंचं भिंतीवरचं घड्याळ दोन मिनिटं पुढे असल्याचं सांगून ते मागे केलं. इबू त्यांच्यासमोर यायला कचरायच्या. जरीचा झगा घालून दारातूनच बघत राहायच्या.

"अरे, ह्या बाई मला बघून दचकतात का?" काकूंनी मला विचारलं. "मी काय मारकी म्हैस आहे?"

तिसऱ्या दिवशी जेवताना काकूंनी शरदला धरलं. "तिशी आली तुझी. कुणी असेल तर सांग, नाहीतर मी तिकडे बघते. दोन्हीपैकी काहीतरी कर, पण असा सुतकी चेहरा करून वरण खाऊ नकोस."

शरद वरणात चमचा फिरवत राहिला. इबूंनी मला विचारलं, काय म्हणतात? मी सांगितलं. त्यावर इबू उठल्या, टेबलापाशी उभ्या राहिल्या आणि कोर्टात सांगावं तसं सगळं इंग्रजीत सांगून टाकलं. ॲनी, आरामखुर्ची, टॉवेल, पाटल्या, जेवलास का. एक वाक्य त्यांचं, एक माझं मराठीत. दोन्ही बाजूंचं तोंड चुकवत भाषांतर करणं काय असतं, ते मला विचारा.

काकूंनी मधेच एकदा तोंड उघडलं. "पाटल्या? अरे, त्या काचायच्या मला! फळ्यावर लिहिताना खडखड वाजायच्या आणि पोरं हसायची. सुटले एकदाची म्हणून विकल्या."

"आई, पण तुला वाईट..."

"नर्स होती ना? म्हणजे एक तरी उपयोगाचं माणूस घरात आलं असतं. कुठे आहे ती आता?"

"ह्यूस्टनला," शरद म्हणाला. "लग्न झालं तिचं."

वरणावर साय धरायला लागली. इबू टेबलाची कड घट्ट धरून उभ्या होत्या, डोळे भरलेले, आणि त्या रडू नयेत म्हणून जिवाचा आटापिटा करत होत्या. काकूंनी आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग आपल्या सहा फुटी मुलाकडे, मग पुन्हा त्यांच्याकडे, आणि कपाळावर हात मारून म्हणाल्या,

"अरे, मी जिवंत होते ना! मग माझ्या वतीनं ह्या कशाला रडल्या?"